गाळातला शॉट

संचिता कारखानीस ज्या सिनेमांवर लिहायची, ते बघायला लोक सहसा जात नसत, आणि गेलेच तर मध्यंतरात निघून येत. त्यांत गोष्ट अशी नसायची. माणसं झोपेत असल्यासारखी चालायची, खिडकीतला पडदा बराच वेळ नुसता हलत राहायचा, आणि बाहेर पडल्यावर काय पाहिलं ते धड कुणाला सांगता यायचं नाही. संचिताला मात्र तेच आवडे. दिवसा ती नौपाड्यातल्या एका ज्युनिअर कॉलेजात भूगोल शिकवायची आणि सुट्टीच्या दिवशी एका मराठी वेबसाइटसाठी असल्या सिनेमांची परीक्षणं लिहायची. कथानक सांगायच्या फंदात ती पडत नसे. सिनेमात उजेड कसा आहे, माणसं किती वेळ गप्प राहतात, बघून घरी आल्यावर आपल्या आत काय होतं, एवढंच लिहायची. पण तिने लिहिलं की ठाण्या-डोंबिवलीतली बरीच मंडळी तो सिनेमा शोधून बघायची. त्यामुळे नवी मुलं तिला आधी सिनेमा दाखवायला धडपडत.

मेलरॉय त्यांतलाच. कोपरीत वाढलेला, तिशीच्या आतबाहेरचा, लग्नांचे व्हिडिओ करून उरलेल्या वेळात स्वतःचा सिनेमा करणारा. ‘मिठाची झोप’ हा त्याचा पहिलाच मोठा सिनेमा. डोंबिवलीत एका डान्स क्लासच्या हॉलमध्ये प्लास्टिकच्या खुर्च्या मांडून त्याने तो मोजक्या लोकांना दाखवला. पुढच्या रविवारी ठाण्यात जाहीर खेळ होता. संचिताचं परीक्षण शनिवारी यावं, अशी त्याची इच्छा होती.

सिनेमात एक म्हातारी आहे. ती एका जुन्या घरात जागी होते, आणि घराची दारं तिला ओळखीची वाटत नाहीत. एका खोलीतून दुसरीत जाते तर तिथे समुद्राचा आवाज. तिसरीत कुणीतरी नुकतंच उठून गेल्यासारखी खुर्ची. मग ती घराबाहेर पडते आणि मिठागरांच्या कडेने खाडीकडे चालत जाते. शेवटी तो शॉट येतो. संध्याकाळचा तांबूस उजेड, मागे काळी पडत चाललेली खारफुटी, आणि गाळात उभी असलेली म्हातारी थेट कॅमेऱ्याकडे बघते आहे. तिचे ओठ हलतात, पण शब्द ऐकू येत नाहीत. ऐकू येतो तो फक्त पेटीचा एक लांबलेला सूर. कॅमेरा हलत नाही. शॉट तुटत नाही. शेवटी ती मान खाली घालते आणि पडदा काळा होतो.

दिवे लागले तरी कुणी खुर्चीवरून उठलं नाही. संचिताच्या अंगावर काटा आला होता. इतकी वर्षं ती दूरदूरच्या देशांतले असले सिनेमे बघत आली होती, आणि आज कुणीतरी तिच्याच खाडीकाठी तसा एक करून दाखवला होता. म्हातारीचं काम मेलरॉयच्या कॉन्स्टन्स मावशीने केलं होतं. “चर्चच्या नाटकांत पूर्वी करायची ती,” मेलरॉय अभिमानाने म्हणाला. घरी येऊन संचिताने परीक्षणाचा पहिला परिच्छेद एका दमात लिहून काढला. त्यात एक वाक्य होतं, ‘तिचे ओठ जे बोलतात ती प्रार्थना आहे आणि ती आपल्याला ऐकू येत नाही हेच बरं.’ या वाक्यावर ती स्वतःच खूश झाली.

दुसऱ्या दिवशी कॉलेज सुटल्यावर तिने तो शॉट पुन्हा लावला. मेलरॉयने सिनेमाची लिंक पाठवून ठेवली होती. उजेडाचा रंग नेमका कसा होता, तेवढंच तिला बघायचं होतं. पण या वेळी तिची नजर खाली गेली. शॉट सुरू होतो तेव्हा गाळ म्हातारीच्या घोट्याशी आहे. शॉट संपतो तेव्हा तो गुडघ्याला लागलाय, आणि मागच्या खाचेत मघा कोरडी दिसत असलेली जागा पाण्याने चमकतेय.

संचिताने मागे जाऊन पुन्हा बघितलं. मग पुन्हा. भरती म्हणजे काय आणि खाडीचा गाळ माणसाला कसा धरून ठेवतो, हे तिला कुणी सांगायची गरज नव्हती. मध्ये कुठेही कट नव्हता. म्हणजे एक म्हातारं माणूस खरोखर गाळात रुतत होतं आणि समोर कॅमेरा चालू होता.

तिने मेलरॉयला फोन लावला.

“तो शेवटचा शॉट कसा घेतलात?”

“ते राहू द्या ना मॅडम, सिक्रेट आहे,” तो हसत म्हणाला.

“मावशींचे पाय खरंच गाळात होते?”

“थोडे. म्हणजे... खाली फळी होती.”

“आणि बोलतायत काय त्या?”

“काही नाही हो. ती असंच पुटपुटते. म्हणून तर आवाज काढून टाकला. मूड जात होता.”

“मला त्यांना भेटायचंय. लिहिण्याआधी.”

“नको,” मेलरॉय म्हणाला. हे ‘नको’ फारच झटकन आलं. मग तो म्हणाला, “तिची तब्येत बरी नसते. लोकांना घाबरते.”

वेबसाइटची संपादक कल्पिता संध्याकाळी मेसेजवर मेसेज पाठवत होती. पोस्टर तयार आहे, मजकूर कधी देतेस? संचिताने उत्तर दिलं नाही. रात्रभर तिने स्वतःला समजावलं की फळी असेल, तो म्हणतोय तर असेल. सकाळपर्यंत तिचा त्यावर विश्वास उरला नाही.

शुक्रवारी ती कोपरीला गेली. सिनेमातलं घर चर्चमागच्या गल्लीत आहे, एवढं तिला मेलरॉयच्याच बोलण्यातून कळलं होतं. फार शोधावं लागलं नाही. पडद्यावर पाहिलेली हिरवी खिडकी तिने रस्त्यावरूनच ओळखली.

दार उघडलं ते कॉन्स्टन्सच्या मुलीने, व्हॅलेरीने. चाळिशीची, हाताला मैदा लागलेला, केस कसेबसे बांधलेले. ती घरीच केक करून विकायची. संचिताने नाव सांगितलं, सिनेमावर लिहायचंय म्हणाली, तशी व्हॅलेरीचा चेहरा खुलला.

“या ना, या. मेलरॉय बोललेला तुमच्याबद्दल. मम्मी, बघ गो कोन आयलंय.”

कॉन्स्टन्स खिडकीशी वेताच्या खुर्चीत बसली होती. पडद्यावर दिसली त्यापेक्षा खूपच लहान चणीची. तिने संचिताकडे बघून गोड हसून मान हलवली आणि फ्रॉकची कड अंगठ्याने पुन्हा चोळायला लागली.

“तीन-चार वर्षं झाली,” व्हॅलेरी हळू आवाजात म्हणाली. “आधी गॅस बंद करायला विसरायची, मग रस्ता. आता कधीकधी मला पण ओळखत नाही. मेलरॉयला मात्र बरोबर ओळखते. त्याची आई लहानपणीच गेली ना, हिनेच वाढवला त्याला.”

“मग सिनेमातलं काम...?”

“काम कसलं? तिला कळत पण नव्हतं. पण मजा आली तिला. इथेच घरात केलं सगळं शूटिंग. खिडकीत उभी राहा, दार उघड, असं. बाहेर नेऊ नको म्हणून सांगितलेलं मी त्याला. खाडीकडे तर अजिबात नाही.”

संचिताच्या हातात पाण्याचा ग्लास होता. तो तिने खाली ठेवला.

“तुम्ही सिनेमा पाहिला नाही?”

“रविवारी बघणार. सरप्राइज आहे म्हणाला.”

आता उठून नमस्कार करून निघून जाता आलं असतं. संचिताच्या मनात तेही येऊन गेलं. आपण परीक्षक आहोत, दुसऱ्याच्या घरात आग लावायला आलेलो नाही. पण रविवारी भरल्या हॉलमध्ये, दीडशे माणसांच्या मधोमध, या बाईला ते पहिल्यांदा दिसणार होतं. तिने फोन काढला.

“व्हॅलेरी, यात शेवटी एक शॉट आहे. तो तुम्ही आधी बघावा असं मला वाटतं.”

व्हॅलेरीने हात ॲप्रनला पुसले आणि फोन घेतला. पेटीचा सूर सुरू झाला. सुरुवातीला ती नुसती बघत राहिली. मग तिने फोन डोळ्यांजवळ नेला. तिचे स्वतःचे ओठ हलायला लागले, पडद्यावरच्या ओठांबरोबर. आईचं तोंड दिवसभर वाचत बसणारी ती बाई. तिला आवाजाची गरजच नव्हती.

“‘हात दे’ म्हणतेय ती,” व्हॅलेरी म्हणाली.

“काय?”

“‘मेलरॉय, हात दे रं. पाय निगत नाय.’ हेच. पुन्हा पुन्हा तेच म्हणतेय.”

खिडकीशी कॉन्स्टन्स कसलंसं गाणं गुणगुणत होती. व्हॅलेरीने शॉट शेवटपर्यंत बघितला, फोन टेबलावर पालथा ठेवला आणि आईच्या पायांकडे बघत बसली.

“डिसेंबरातली गोष्ट आहे,” ती म्हणाली. “मी वसईला मयताला गेलेले. हा थांबलेला मम्मीजवळ. रात्री आले तर ती अंथरुणात, थरथरतेय, पाय सोललेले. मला म्हणाला, माझा डोळा लागला, ती बाहेर निघून गेली, मी खाडीवरून शोधून आणली. आठवडाभर ताप होता तिला. आणि मी... मी त्याच्या गळ्यात पडून रडलेले, ताई. थँक यू म्हटलेलं मी त्याला.”

तिने स्वतःचा फोन उचलला. “मेलरॉय, घरी ये. आत्ता.” एवढंच बोलून ठेवून दिला.

तो येईपर्यंत संचिता तिथेच बसून राहिली; फोनवर तो फळीबद्दल म्हणाला होता, तेही तिने सांगून टाकलं. ओव्हनमधून केकचा वास यायला लागला, मग करपल्याचा. कुणी उठलं नाही. मग बाहेर स्कूटर थांबल्याचा आवाज आला.

मेलरॉय आत आला, संचिताला बघितलं आणि दारातच थांबला. कॉन्स्टन्सचा चेहरा उजळला.

“आयलास रं पोरा? जेवलास?”

“जेवलो मावशी,” तो म्हणाला आणि तिच्या खुर्चीपाशी गेला.

व्हॅलेरी उठली, पण जवळ गेली नाही. “फळी होती खाली?”

मेलरॉयने संचिताकडे पाहिलं. मग मान हलवली. नव्हती.

“दोनच मिनिटं घेणार होतो, व्हॅल. खरंच. घरात ती सगळं करत होती ना, मी सांगेन तसं. मला वाटलं, ही पण ॲक्टिंगच...”

“हात दे म्हणत होती तेव्हा पण ॲक्टिंग वाटली?”

त्याने हातातली स्कूटरची किल्ली खिशात घातली.

“ऐकू येत नव्हतं तुला?”

“येत होतं,” मेलरॉय म्हणाला. “हेडफोन होते मला. तुम्हा कुणाला आला नसता इतका स्पष्ट आवाज येत होता.”

“मग?”

“मग...” त्याने कपाळावरून हात फिरवला. “उजेड असा होता की... आता थांबवलं तर परत मिळणार नाही, असं वाटलं. आणखी थोडं, आणखी थोडं, असं होत गेलं. मला माहितेय ते कसं वाटतंय ऐकायला.”

“नाही,” व्हॅलेरी म्हणाली, “तुला माहीत नाही.”

संचिताला वाटलं होतं, ती ओरडेल, मारेल. ती शांतच राहिली. कॉन्स्टन्सने मेलरॉयचा शर्ट धरून त्याला शेजारी बसवलं. ती त्याच्या बाहीवरचा धागा चिमटीने काढत होती. तो म्हणाला, “मी शॉट काढून टाकतो. रविवारचा शो पण कॅन्सल करतो.”

“काढायचा नाही.”

“व्हॅल...”

“काढून टाकलास की झालंच नाही असं होईल. आत्तापर्यंत तेच केलंस तू. तिचा आवाज काढून टाकलास ना? तो परत लाव. लोकांना बघू दे तुझा सुंदर शॉट. मम्मी काय म्हणते ते पण ऐकू दे.”

“लोक मला उभा जाळतील.”

“ते तू बघ. नाहीतर रविवारी मी उभी राहून सांगेन सगळ्यांना.” मग ती संचिताकडे वळली. “आणि ताई, रविवारपर्यंत तुम्ही काही लिहायचं नाही. नंतर तुम्हाला काय लिहायचं ते लिहा.”

संचिताने होकार दिला.

शनिवारी कल्पिता चिडली. “अगं, पूर्ण आठवडा आपण त्याची जाहिरात करतोय. कारण तरी सांग.” संचिताने सांगितलं नाही. मेलरॉयला तिने एकदा फोन केला, त्याने उचलला नाही. तो शो रद्द करेल, की जुनाच सिनेमा दाखवून बाहेर पडेल, की व्हॅलेरी ऐन खेळात उभी राहील, तिला काहीच कळत नव्हतं. आणि याहून वाईट म्हणजे, डोळे मिटले की तिला तो तांबूस उजेड दिसायचा आणि तो अजूनही तितकाच देखणा होता.

रविवारी हॉल भरला. मेलरॉय दाराशी उभा होता, दाढी वाढलेली. कुणाशी बोलला नाही. व्हॅलेरी आईला शेजारणीकडे ठेवून एकटीच आली आणि कडेच्या खुर्चीवर बसली, पर्स मांडीवर घट्ट धरून. संचिता तिच्या मागच्या रांगेत.

सिनेमा सुरू झाला. घर, दारं, रिकामी खुर्ची. लोक हळूहळू त्यात बुडत गेले. संचिताला मात्र एकही दृश्य नीट दिसेना. ती नुसती शेवटाची वाट बघत होती. मिठागरं आली. खारफुटी आली. म्हातारी गाळात उभी राहिली आणि पेटीचा सूर सुरू झाला. तोच, जुना.

म्हणजे त्याने नाही केलं. व्हॅलेरीच्या पाठीचा कणा ताठ झाला. तिने पर्स बाजूला ठेवली. ती उठणार, आता ओरडणार, म्हणून संचिताने खुर्चीची कड पकडली.

सूर मध्येच तुटला.

वारा आला. कसलं तरी यंत्र घरघरत होतं. गाळातून पाय ओढल्याचा ओला आवाज आला, आणि मग हॉलभर कॉन्स्टन्सचा आवाज, दमलेला, आर्जवी.

“मेलरॉय, हात दे रं. पाय निगत नाय.”

आणि लगेच, कॅमेऱ्याच्या अगदी जवळून, कुजबुजता पुरुषी आवाज. “थांब मावशी, थोडं थांब. छान. असंच बघ.”

हे व्हॅलेरीने मागितलेलं नव्हतं. हे त्या ध्वनिमुद्रणात आहे हेच कुणाला ठाऊक नव्हतं. त्याने तेही ठेवलं होतं. “हात दे रं.” “हो मावशी, झालं, झालं.” हॉलमध्ये कुणीतरी “अरे देवा” म्हणालं. एक जोडपं उठून बाहेर गेलं. म्हातारीने मान खाली घातली, जिथे आधी सिनेमा संपायचा. या वेळी तो संपला नाही. कॅमेरा तसाच चालू राहिला आणि चौकटीत धावत मेलरॉय शिरला, घसरून पडला, गुडघ्यांवर सरकत तिच्यापर्यंत गेला. तिला ओढून काढायला त्याला खूप वेळ लागला. तो रडत होता आणि ती त्याच्या डोक्यावरून चिखलाचा हात फिरवत होती. मग पडदा काळा झाला.

टाळ्या वाजल्या नाहीत. दिवे लागल्यावर मेलरॉय पुढे येऊन उभा राहिला. एका वयस्कर गृहस्थांनी विचारलं, “हे खरं आहे?”

“हो.”

“मग तुम्ही इथे उभे कसे राहता?”

“मला नाही माहीत,” मेलरॉय म्हणाला. आणखी प्रश्न आले, काही शिव्याही आल्या. तो जागचा हलला नाही. व्हॅलेरी त्या आधीच निघाली होती. दाराशी संचिता तिला गाठायला गेली, पण तिने नुसता हात वर केला. आत्ता नको.

परीक्षण दोन दिवसांनी आलं. प्रार्थनेचं वाक्य संचिताने खोडलं नाही. ते आधी लिहिलं होतं असं सांगितलं, आणि मग ओठ खरोखर काय म्हणत होते ते लिहिलं. कल्पिताला त्याखाली नेहमीसारखे तारे हवे होते. संचिताने एकही दिला नाही. खाली प्रतिक्रियांचा खच पडला. निम्म्या लोकांनी मेलरॉयला तुरुंगात टाका म्हटलं, उरलेल्यांनी संचितावर तोंडसुख घेतलं की एका होतकरू मुलाचं करिअर तिने संपवलं.

महिन्याभराने मेलरॉयचा फोन आला. बाहेरच्या देशातल्या एका महोत्सवाने सिनेमा निवडला होता, पण त्यांना पेटीवाली जुनी आवृत्ती हवी होती. नवीन शेवट फार कर्कश आहे, असं त्यांचं म्हणणं.

“मग?”

“व्हॅलला विचारलं. नाही म्हणाली. मी पण त्यांना ‘नाही’ असंच कळवलं. ती मला घरी येऊ देते आता. पण मावशीजवळ एकट्याला ठेवत नाही. बरोबर आहे तिचं.”

“हो, बरोबर आहे.”

“मॅडम, एक विचारू? तुम्ही पहिल्यांदा पाहिलात तेव्हा, डोंबिवलीला, तो शॉट तुम्हाला आवडला होता ना?”

“हो,” संचिता म्हणाली.

“आणि आता?”

तिला खोटं बोलणं सोपं होतं. त्यालाही बहुधा तेच ऐकायचं होतं.

“आताही सुंदरच वाटतो. त्याचाच त्रास होतो.”

मग तो म्हणाला, “मलाही,” आणि फोन ठेवला.